कुत्र्याची नखं घरी कापताना: आज दोन, उद्या दोन

आमच्या घरात शेणाने सारवलेली जमीन होती तोवर काळ्याची नखं वाढलीत की नाही, हे कुणाच्या लक्षातही यायचं नाही. टाईल्स बसल्या आणि रात्री तो पाणी प्यायला उठला की टक्‌टक्‌ ऐकू यायला लागलं. मग एका रविवारी मी आणि धाकट्या भावाने त्याला खळ्यात आडवा पाडला. बैलाला नाल मारायचे असले की पाडतात ना, एक जण मानेवर, एक जण पायांवर, अगदी तसा. आम्हाला दुसरी पद्धत ठाऊकच नव्हती. पहिलंच नख कापलं आणि काळ्या असा केकाटला की शेजारपाजारचे ओट्यावर आले. रक्त थांबेना. आई मूठभर हळद घेऊन धावत आली आणि म्हणाली, "सोडी दे त्याले, घाबरी गया तो."

सोडला. पुढचे तीन महिने कटर नुसता हातात दिसला तरी काळ्या ट्रॅक्टरच्या ट्रॉलीखाली.

मी खरं शिकलो ते सारंगखेड्याला. दत्तजयंतीच्या यात्रेत घोडेबाजार भरतो, तिथे एक नालबंद काम करत होता. त्याने घोड्याच्या खुराला थेट हात घातलाच नाही. आधी खांद्यावर हात ठेवला, तो सावकाश खाली सरकवत नेला, गुडघ्यापाशी जरा थांबला, आणि घोड्याने आपणहून पाय उचलून दिला. एक पाय झाल्यावर त्याने घोड्याला मोकळं उभं राहू दिलं, स्वतः अर्धा कप चहा घेतला, मग दुसऱ्या पायाकडे वळला. मी तिथे अर्धा तास उभा होतो. घरी येऊन ठरवलं, काळ्याची सगळी नखं एका बैठकीत कापायची म्हणून कुणी आपल्याला दंड लावलेला नाही. कुत्र्याला बहुधा अठरा नखं असतात. रोज दोन कापली तर नऊ दिवस. नऊ दिवसांनी काही बिघडत नाही.

नखात काय असतं

आपल्या नखासारखं कुत्र्याचं नख चपटं नसतं. ती एक वाकडी नळी आहे. बाहेरून कडक कवच आणि आत मुळाकडून टोकाकडे येणारा जिवंत भाग, ज्यात रक्तवाहिनी असते आणि मज्जातंतूही. मराठीत याला जिव्हाळी असा नेमका शब्द आहे. बोलणं जिव्हारी लागलं म्हणतो ना, ते याच गोतातलं. कटर जिव्हाळीत गेला की दुखतं आणि रक्त येतं. बाकी कवच कापलं तर कुत्र्याला काही कळतही नाही.

पांढऱ्या नखात ही जिव्हाळी गुलाबी दिसते. उजेडात नीट बघितलं, किंवा मागून मोबाईलची बॅटरी धरली, की गुलाबी कुठे संपते ते स्वच्छ कळतं. काळ्या नखात बाहेरून काहीच दिसत नाही. आमच्या काळ्याची अठराच्या अठरा काळी. त्यावर पुढे वेगळं लिहिलंय.

आणखी एक गोष्ट फार कमी जणांना माहीत असते. नख वाढत गेलं की जिव्हाळीही त्याच्यासोबत पुढे सरकते. म्हणून वर्षभर न कापलेलं नख एका दिवसात आखूड करता येत नाही. करायला गेलात तर रक्त येणारच. त्याउलट आठ-दहा दिवसांनी टोकावरून थोडं थोडं घेत राहिलात तर काही आठवड्यांत जिव्हाळी हळूहळू मागे हटते. घाई न करण्याचं खरं कारण हे आहे.

अठरा म्हणजे मागच्या पायांना चार-चार आणि पुढच्या पायांना पाच-पाच. पुढचं पाचवं नख आतल्या बाजूला, जमिनीपासून वर, अंगठ्यासारखं. काही कुत्र्यांना मागेही तसं असतं. असा वीसनख्या म्हणजे शिकारीला तेज, असं गावात कौतुकाने सांगतात. शिकारीचं मला माहीत नाही, पण हे अंगठ्याचं नख जमिनीला टेकत नाही, म्हणून झिजत नाही. ते गोल वळत जाऊन पंजाच्या मऊ गादीत किंवा कातड्यात घुसू शकतं. केसाळ कुत्र्यात तर ते केसाआड लपतं आणि पू झाल्यावरच कळतं. बाकी सगळी विसरलात तरी चालेल, हे नख दर महिन्याला चाचपून बघा.

वाढलीत हे ओळखायचं कसं

कुत्रा सपाट फरशीवर सरळ उभा असताना नखाचं टोक फरशीला टेकायला नको. वहीचा कागद नखाखालून सरकवून बघा. अडकला तर नख वाढलंय. लांब नख जमिनीला आधी टेकतं आणि बोट मागे ढकलतं, पाय वाकडा पडतो, गुळगुळीत टाईलवर घसरतो. म्हाताऱ्या कुत्र्याला सांध्यांचा त्रास असला तर तो यानेच वाढतो.

डांबरी रस्त्यावर रोज फिरणाऱ्याची नखं आपोआप घासली जातात. आपल्याकडची काळी माती तसं काम करत नाही. पावसाळ्यात ती लोण्यासारखी, उन्हाळ्यात भेगाळलेली. केळीच्या बागेत दिवसभर फिरणाऱ्या काळ्याची नखं त्यामुळे वाढतच राहतात. मे महिन्यात पारा पंचेचाळीसच्या आसपास गेला की शहरातला कुत्राही दिवसभर पंख्याखाली पडून असतो, त्याचंही तेच. भेगांमध्ये लांब नख अडकून मुळातून तडकलेलं मी एकदा बघितलंय, परत बघायची इच्छा नाही. साधारण तीन-चार आठवड्यांनी एकदा बघणं पुरे. मात्र तारखेपेक्षा फरशीवरच्या आवाजाकडे लक्ष ठेवा.

हत्यार

कुत्र्यांसाठीचा कात्रीसारखा, पकडीच्या घाटाचा नेलकटर घ्या. दोन-तीनशे रुपयांपासून मिळतो. दुसऱ्या एका प्रकारात भोकात नख घालून पातं सरकतं. तो लहान कुत्र्याला ठीक, लॅब्रॅडॉरसारख्याच्या जाड नखाला अपुरा पडतो. माणसाचा नेलकटर फक्त पिल्लाच्या कोवळ्या टोकांना चालतो. मोठ्या कुत्र्याच्या गोल नखाला तो दाबून चपटं करतो, नख चिरतं आणि दुखतं. पातं बोथट झालं तरी हेच होतं. कटरवर मागे एक छोटी पट्टी असते, जास्त कापलं जाऊ नये म्हणून. तिच्या भरवशावर राहू नका. तुमच्या कुत्र्याची जिव्हाळी कुठवर आलीय हे त्या पट्टीला कसं कळणार?

सोबत एक बारीक कानस, वाटीत दोन चमचे कॉर्नफ्लॉवर, स्वच्छ सुती फडकं आणि खाऊ. कॉर्नफ्लॉवर रक्तासाठी. ते कापायला बसण्याआधी हाताशी हवं. रक्त आल्यावर स्वयंपाकघरात डबे शोधत बसलात की कुत्रा घरभर ठसे उमटवतो.

खाऊला केळ्याचे चण्याएवढे तुकडे किंवा उकडलेलं अंडं. काळ्या कळण्याच्या भाकरीवरही खूश असतो. थंडीत शेतात भरिताचा बेत असला की कुणीतरी कौतुकाने भरीत पुढे करतं, ते करू नका. कांदा, कांद्याची पात आणि लसूण कुत्र्याला बाधतात. मनुका आणि द्राक्षंही अजिबात नाहीत.

पहिला आठवडा कटर चालवायचाच नाही

सगळे इथेच उतावीळ होतात. पहिले दोन-तीन दिवस फक्त हात लावायची सवय. कुत्रा दमून शांत पडला असेल तेव्हा शेजारी बसा. नालबंदासारखा खांद्यापासून हात सुरू करा, खाली न्या, पंजा तळहातात घ्या, एक-दोन-तीन म्हणेपर्यंत धरा आणि सोडा. लगेच केळ्याचा तुकडा. पाय ओढून घेतला तर घेऊ द्या, धरून ठेवू नका. पुढच्या वेळी मनगटापर्यंतच जा. मग एकेक बोट अलग करून दाबून बघा. दाबलं की नख पुढे येतं, तेही त्याला सवयीचं होऊ दे.

त्यानंतर कटरची ओळख. जमिनीवर ठेवा, त्याला हुंगू द्या, खाऊ द्या. पुढच्या दिवशी कटर नुसता नखाला टेकवा, खाऊ द्या. राहिला आवाज. यासाठी मला घरातच युक्ती सापडली. उन्हाळी कामाच्या डब्यातली कुरडई घेतली आणि काळ्यासमोर कटरने तिचे तुकडे पाडले. कट्‌, खाऊ. कट्‌, खाऊ. पाचव्या-सहाव्या आवाजाला तो कटरकडे न बघता माझ्या खिशाकडे बघायला लागला. आईने मात्र कुरडयांचा हिशोब मागितला.

कुत्रा आधी कधी घाबरला असेल, तर याला आठवड्याऐवजी महिना लागेल. काळ्याला पाच आठवडे लागले.

बसायची जागा आणि पकड

उन्हाळ्यात सकाळी सातच्या आत, नाहीतर दिवे लागल्यावर पंख्याखाली. दुपारी अजिबात नको. कुत्रा मुख्यतः तोंडावाटे धापा टाकून अंगातली उष्णता बाहेर काढतो, आणि घाबरला की तो आणखी तापतो. सगळ्यात चांगला उजेड ओट्यावर, सकाळचा. खाली गोणपाट किंवा सतरंजी टाका, पाय घसरायला नकोत.

पावसाळ्यात पंजे आधी धुवून पुसा. काळी माती बोटांच्या बेचक्यात गोळे होऊन बसते, नखाचं मूळही दिसत नाही. धुता धुता बोटांमध्ये गोचीड आहे का तेही बघून घ्या. त्यांची ती लपायची आवडती जागा आहे.

लहान कुत्र्याला मांडीवर घ्या. मोठा आडवा पडून आरामात असेल तर तसाच. काळ्या उभाच बरा राहतो. मी त्याच्या शेजारी त्याच्या शेपटीकडे तोंड करून बसतो आणि मागचा पाय गुडघ्यात वाकवून मागे उचलतो, घोड्याचा उचलतात तसा. तळवा वर येतो आणि नखाची खालची बाजू समोर दिसते. पाय त्याच्या पोटाच्या रेषेतच ठेवा. बाहेरच्या बाजूला ताणला की कंबर दुखते आणि कुत्रा झटका देतो. बरेचदा ज्याला आपण हट्ट म्हणतो तो अवघडलेला पाय असतो.

अंगठा बोटाच्या गादीखाली, तर्जनी बोटाच्या वर. हलकं दाबा, नख बाहेर येईल. घट्ट आवळू नका. घरातला दुसरा माणूस असेल तर त्याचं काम दाबून धरायचं नाही. त्याने डोक्याकडे बसायचं आणि खाऊ चाटवत राहायचं.

काप

मागच्या पायापासून सुरुवात करा. तिथली नखं बहुधा आखूड असतात आणि मागच्या पायाला हात लावलेला कुत्र्याला जरा कमी खटकतो. सरावही तिथेच होऊन जातो.

नख खालून बघा. टोकाकडचा भाग आकड्यासारखा वळलेला आणि खालून पन्हाळीसारखा पोकळ असतो. मुळाकडे जाल तसा तो भरीव होत जातो. पोकळ भागात जिव्हाळी नसते, म्हणून पहिला काप तिथेच. कटर जमिनीशी साधारण पंचेचाळीस अंशांत तिरका धरा. वरून आडवा घाव घातला तर नख चिरायची भीती. दीड-दोन मिलिमीटर घ्या, त्याहून जास्त नाही. साध्या भाषेत, ज्वारीच्या दाण्याच्या निम्म्याएवढं. कटर टेकवला की मग वेळ लावू नका, एका दमात कट्‌. अर्धवट दाबून विचार करत बसलं की नख पिचकतं.

पांढऱ्या नखात गुलाबी भागाच्या दोन मिलिमीटर आधी थांबा. संपलं.

काळ्या नखात कापलेलं तोंड वाचावं लागतं. प्रत्येक कापानंतर पंजा उजेडाकडे वळवून नखाचं तोंड बघा. पहिल्या एक-दोन कापांना ते कोरडं, खडूसारखं, भुरकट दिसतं, कडा जरा भुसभुशीत असतात. अजून वाव आहे. पुढच्या कापाला मधला भाग गडद होतो आणि दाट दिसायला लागतो. आता कटर बाजूला ठेवून कानस घेतलेली बरी. त्यानंतर मधोमध मोहरीएवढा गोल ठिपका दिसतो, आजूबाजूपेक्षा वेगळ्या रंगाचा, ओलसर चमक असलेला. तो जिव्हाळीचा उंबरठा. तिथून पुढे एक केसभरही जायचं नाही. पहिल्या वेळी मला हा ठिपका दिसायला चष्मा लावावा लागला, आणि ज्या नखाला ठिपका नीट कळला नाही ते मी तसंच सोडलं. सोडलेलं नख पुढच्या आठवड्यात कापता येतं.

एक नख, एक खाऊ. दोन-तीन झाली आणि कुत्रा अजून शांत असेल, तर तिथेच आवरा. तो कंटाळण्याआधी उठायचं म्हणजे उद्या तो पळणार नाही. ओठ चाटणं, जांभया देणं, कान मागे टाकणं, डोळ्यांचा पांढरा भाग दिसणं ही तो सांगतोय त्याची भाषा. गुरगुरला तर त्याला रागावू नका. गुरगुरणं दाबलं की पुढच्या वेळी तो न सांगता चावतो.

चावऱ्या कुत्र्याला जाळीचं मुसकं घाला, ज्यात तो तोंड उघडून धापा टाकू शकेल. ओढणीने तोंड करकचून बांधायची आपल्याकडे सर्रास पद्धत आहे. आपल्या उन्हाळ्यात ती धोक्याची आहे आणि पगसारख्या चपट्या तोंडाच्या कुत्र्याला तर जिवावरची. एवढं करूनही दात लागला किंवा ओरखडा उठून रक्त आलं, तर जखम साबणाने वाहत्या पाण्याखाली पंधरा मिनिटं धुवा आणि डॉक्टरांना दाखवा. कुत्र्याचं रेबीजचं इंजेक्शन झालेलं असलं तरीही.

रक्त आलंच तर

येतं कधीतरी. डॉक्टरांच्या हातूनही येतं. थेंब फरशीवर पसरतो म्हणून फार वाटतो, असतो थोडाच. आधी आपण ओरडायचं नाही. चिमूटभर कॉर्नफ्लॉवर बोटावर घ्या, नखाच्या तोंडावर ठेवून घट्ट दाबा आणि घड्याळात बघून तीन-चार मिनिटं दाबून धरा. दर अर्ध्या मिनिटाला उचलून बघू नका, धरलेली गुठळी निघते. कॉर्नफ्लॉवर नसेल तर मैदा. दाढी करणाऱ्या घरात तुरटी असतेच, तिची पूडही रक्त थांबवते, पण झोंबते, म्हणून मी ती शेवटी धरतो. हळदीने कुत्रा मरत नाही, पण तिची पूड रक्ताबरोबर वाहून जाते आणि फरशी पिवळी होते ती निराळीच. आमच्याकडे त्या दिवशी रक्त थांबलं ते हळदीने नाही. आईने तोवर फडक्याने बोट दाबून धरलं होतं, त्याने. फिनेल वगैरे लावायचा विचारही नको.

थांबल्यावर ती पूड पुसू नका. कुत्र्याला अर्धा तास एका जागी बसवा, आणि त्या दिवशी गोठ्यात, शेणात, चिखलात जाऊ देऊ नका. दुखतंय म्हणून घरातली क्रोसिन किंवा अंगदुखीची गोळी देऊ नका. माणसाच्या या गोळ्या कुत्र्याला विषासारख्या ठरू शकतात.

पंधरा-वीस मिनिटं नीट दाबूनही रक्त वाहत राहिलं तर दवाखाना. आपल्या भागात गोचीड फार, आणि गोचीड तापात कुत्र्याच्या रक्तातल्या गुठळी धरणाऱ्या पेशी कमी होतात. मग एवढ्याशा नखाचं रक्तही लवकर थांबत नाही. कुत्र्याला नुकताच गोचीड ताप येऊन गेला असेल, तो मलूल असेल, हिरड्या फिक्या दिसत असतील, तर नखांचं काम बाजूला ठेवा आणि आधी त्याला दाखवा.

कानस, आणि पॉलिश पेपरची फळी

कापलेल्या कडा कानशीने एकाच दिशेने घासा, नाहीतर चादरी फाटतात आणि लेकरांना ओरखडे येतात. विजेवर चालणारी घासणी मिळते, चांगली आहे. पण तिचा आवाज आणि थरथर सवयीची व्हायला वेळ लागतो. एका जागी दोन सेकंदांपेक्षा जास्त टेकवली तर नख तापतं. लांब केस तिच्यात गुंडाळले जातात, ते आधी मागे धरा.

ज्याला कटर काही केल्या सहन होत नाही, त्याच्यासाठी हार्डवेअरच्या दुकानातून ८० नंबरचा पॉलिश पेपर आणा आणि हातभर लांब फळीवर चिकटवा. फळी तिरकी धरा, तिच्याखाली खाऊ लपवा. कुत्रा उकरायला लागतो आणि पुढची नखं आपली आपण घासली जातात. गादीला खरचटत नाही ना, तेवढं बघा. अंगठ्याचं नख फळीला लागत नाही, ते हातानेच.

आपलं काम नाही असं

गादीत घुसलेलं नख घरी ओढून काढू नका. मुळापासून तडकून लोंबणारं नखही नाही, ते भूल देऊन काढावं लागू शकतं. बोट सुजलंय, पू आहे, कुत्रा तीच जागा सारखी चाटतोय, किंवा एकाच वेळी बरीच नखं तडकू लागली आहेत, तर ते नुसतं वाढलेलं नख नव्हे, आजार आहे. जवळच्या सरकारी पशुवैद्यकीय दवाखान्यात न्या. कुत्र्याला शांत करायची गोळी देणं हेही डॉक्टरांनीच ठरवायचं काम.

काम झाल्यावर कटर स्पिरिटने पुसून, कोरडा करून, बिजागरीला तेलाचा थेंब सोडून ठेवा. आपल्याकडच्या पावसाळ्यात तो दोन महिन्यांत गंजतो. तुकडे झाडून घ्या, पायात रुततात.

काळ्याची या फेरीतली मागच्या डाव्या पायाची दोन नखं राहिलीत. केळं सोलल्याचा वास लागून तो आत्ता ओट्यावर येऊन बसलाय. पण साडेनऊ वाजलेत आणि ऊन पायरीवर आलंय. केळं त्याला दिलं, कटर उद्या सकाळी.